गोष्ट मुरुमाची

इंटरनेटवर मराठीत 'मुरूम' हा शब्द शोधून पाहा. सुरुवातीची पानंच्या पानं लिंबाचा रस, कोरफड आणि मुलतानी मातीची निघतात. चेहऱ्यावरचे मुरूम घालवण्याचे घरगुती उपाय. बरंच खाली गेलं की मग एखादी निविदा सापडते : अमुक गाव ते तमुक वस्ती, रस्त्याचे मुरुमीकरण व खडीकरण करणे. दोन्ही ठिकाणी शब्द एकच, अक्षरं तीच, आणि कोणाचाही गोंधळ होत नाही. चेहऱ्यावर रोलर फिरवायला कोणी निघत नाही. आमच्या धंद्यात एका नावाची दोन व्हेरिएबल ठेवली तर संध्याकाळपर्यंत कोणीतरी शिव्या घालतंच. भाषेला मात्र त्याचं काही वाटत नाही.

मला आज दुसऱ्या मुरुमाबद्दल लिहायचंय. डंपरमधल्या. कारण त्या एकाच मुरुमाच्या पोटात इतके अर्थ भरलेत की कोणता अर्थ धरायचा यावर लाखो रुपये इकडचे तिकडे होतात. आणि हे जवळून बघायचं तर भिवंडीसारखी जागा नाही.

आधी थोडं व्याकरण, म्हणजे शुद्धलेखनवाल्यांची पत्रं येणार नाहीत. मूळ शब्द 'मुरूम', 'रू' दीर्घ. विभक्ती लागली की 'मुरुमाचा', ऱ्हस्व. आणि बोलताना तो 'उ'सुद्धा गळतो : 'मुरमाचा रस्ता', 'मुरमाची खाण', 'मुरमाड जमीन'. सरकारी कागदावर 'मुरुमाचे', डंपरवाल्याच्या तोंडी 'मुरमाचं'. डंपरवाला तर बऱ्याचदा 'मुरूम' म्हणतच नाही, तो नुसता 'माल' म्हणतो.

तर हा माल म्हणजे नक्की काय?

भिवंडी तालुका, ठाणे जिल्ह्याचा बहुतेक भाग आणि पुढे सह्याद्री चढून गेलात तर निम्म्याहून जास्त महाराष्ट्र, हा सगळा सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्यावर बसलेला आहे. एकावर एक थर. या थरांमुळे आपल्या डोंगरांना पायऱ्या पडल्यासारख्या दिसतात, आणि पायऱ्यांसाठी जो स्वीडिश शब्द आहे, 'ट्रापा', त्यावरूनच इंग्रजी भूशास्त्रात 'डेक्कन ट्रॅप' हे नाव रुजलं. आपण त्याला सरळ काळा फत्तर म्हणतो.

हा फत्तर वाटतो तितका अमर नसतो. लाव्हा थंड होताना त्याला भेगा पडलेल्या असतात. त्यातून हजारो पावसाळे पाणी आत शिरतं. दगडातल्या काही खनिजांची चिकणमाती होते, लोहाला गंज चढतो, काळ्याचा तपकिरी, पिवळट, तांबडा रंग होत जातो. भेगांमुळे झालेले ठोकळे बाहेरून आत कुजतात. कोपरे आधी झिजतात, म्हणून ठोकळा गोल व्हायला लागतो आणि कांद्यासारखे पापुद्रे सुटतात. मुंबई-नाशिक महामार्गावर किंवा वाड्याच्या रस्त्याला जिथे टेकडी कापलीय तिथे गाडी हळू करून बघा. वर हातभर माती, खाली हा तांबूस भुसभुशीत थर, त्यात मध्येच अडकलेले गोल काळे गोटे, आणि तळाला अखंड फत्तर. मधला थर म्हणजे मुरूम. गोटे म्हणजे ठोकळ्यांचा अजून न कुजलेला गाभा.

म्हणजे मुरूम हा धड दगडही नाही आणि धड मातीही नाही. दगडाची माती होण्याच्या वाटेवरचा तो एक टप्पा आहे. वाट लांब आहे, त्यामुळे टप्पाही ऐसपैस आहे. गंमत (आणि भांडणं) इथूनच सुरू होते. बांधकामखात्याच्या दरसूचीत खोदाईचे वेगवेगळे दर असतात : माती, मऊ मुरूम, कठीण मुरूम, मऊ खडक, कठीण खडक. जसजसे खाली जाल तसा दर वाढतो. निसर्गात या पाचांच्या मध्ये कुठेही रेघ मारलेली नाही, पण मोजमाप पुस्तिकेत ती मारावीच लागते. मग पायाच्या खड्ड्यात उभं राहून कंत्राटदार म्हणतो, "साहेब, इथून कठीण लागलाय," आणि साहेब टिकाव मारून बघतात. टिकाव शिरला तर मुरूम, टणकन उडाला तर खडक. मधल्या वीतभर जागेवर जो वाद होतो त्याला माझ्या मते भूशास्त्राच्या कुठल्याही परिषदेत तोड नाही.

शब्दकोशांनीही हीच कसरत केलीय. 'हॉब्सन-जॉब्सन' हा अँग्लो-इंडियन शब्दांचा प्रसिद्ध कोश १८८६ साली निघाला. त्यात 'मूरम' ही नोंद आहे : पश्चिम हिंदुस्थानात रस्त्यांसाठी वापरतात ती बारीक खडीसारखी वस्तू, शब्द मराठी असावा, असा तिचा आशय. आधार म्हणून मोल्सवर्थचा मराठी कोश दिलाय. मोल्सवर्थने हा पापुद्रे सुटणारा दगड सांगून तो बहुधा कुजलेला ट्रॅप असावा असं म्हटलं होतं. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात, हाताशी ना सूक्ष्मदर्शकाखालचे पातळ काप ना रासायनिक पृथक्करण, आणि तरी एका कोशकाराने दोन शब्दांत बरोबर उत्तर दिलं. त्याने ते कुठल्यातरी विहीर खणणाऱ्याकडूनच घेतलं असणार, असा माझा अंदाज. पुढे १९०३ साली विल्यम क्रुकने काढलेल्या हॉब्सन-जॉब्सनच्या आवृत्तीत तेलुगूतल्या 'मुरुकल्लु'ची भर पडली. तिकडे तो शब्द जांभ्या दगडासाठी आहे. म्हणजे शब्द दख्खनभर पसरलेला, पण प्रत्येक ठिकाणी पायाखाली जो तांबडा, सहज खणता येणारा थर असेल त्याला चिकटलेला.

हा चिकटण्याचा गुण त्याने समुद्रापलीकडेही नेला. केनिया, युगांडा, टांझानियात कच्च्या तांबड्या रस्त्याला आजही 'मुर्रम रोड' म्हणतात. तिकडे या शब्दाला आफ्रिकी मूळ देणारेही कोश आहेत, पण मला ते पटत नाही. १८९६ ते १९०१ या काळात युगांडा रेल्वे बांधायला हिंदुस्थानातून तीस हजारांवर मजूर गेले होते, आणि हिंदुस्थानात काम केलेले ब्रिटिश इंजिनियरही त्या वसाहतींत होते. त्यातल्या कोणाच्या तरी तोंडून, नाहीतर वहीतून, हा शब्द गेला असणं जास्त सरळ वाटतं. गंमत अशी की तिकडचा मुर्रम म्हणजे बहुतेक ठिकाणी जांभ्याचे खडे, आपल्यासारखा कुजलेला फत्तर नव्हे. दगड बदलला, काम तेच राहिलं, म्हणून नावही तेच राहिलं. भूशास्त्रज्ञ वस्तूला ती कशाची झाली यावरून नाव देतो. रस्ता करणारा ती काय कामाची यावरून. हे लक्षात ठेवा, पुढे कोर्टात लागणार आहे.

काम काय? मुरमात बारीक चिकट माती आणि खरबरीत कण यांचं मिश्रण आयतं मिळतं. पाणी मारून रोलर फिरवला की कणांमधल्या फटी मातीने भरतात आणि घट्ट थर होतो. नुसती माती पावसात चिखल होते, नुसती खडी चाकाखाली पळते. मुरूम दोघांना धरून ठेवतो. म्हणून तो घराच्या जोत्यात भरतात, खडीवर पसरतात, शेताकडे जाणाऱ्या वाटेवर टाकतात. १९७२ च्या दुष्काळात ज्यांच्या घरातली माणसं रोजगार हमीच्या कामावर होती त्यांना खडी फोडणं आणि मुरूम खणणं वेगळं समजावून सांगायला नको. विहिरीच्या दृष्टीनेही तो महत्त्वाचा. फत्तरात पाणी फक्त भेगांत सापडतं. मुरमात ते मुरतं. (मुरूम आणि मुरणे यांचं नातं आहे का? ऐकायला फार छान वाटतं, आणि अशा छान वाटणाऱ्या व्युत्पत्तींपासून मी लांब राहतो.)

आता भिवंडी. लोकांना ती यंत्रमागांसाठी माहीत असते. पण कशेळी, काल्हेर, पूर्णा, राहनाळ, दापोडे, वळ, माणकोली या पट्ट्यात गेलात तर मागाच्या खडखडाटाऐवजी गोदामं दिसतात. मैलोगणती पत्र्याची छपरं. कारण साधं होतं : मुंबईच्या जकातनाक्यांच्या बाहेर, पण मुंबईला खेटून, एका हाताला नाशिकचा महामार्ग, दुसऱ्या हाताला १९८९ साली सुरू झालेल्या न्हावा-शेवा बंदराकडे जाणारा रस्ता. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला, मुंबईची जकात गेली, गोदामं मात्र राहिली, उलट आणखी मोठी झाली.

पण ही जमीन मुळात भाताची. खाडीच्या आणि कामवारी नदीच्या बाजूला तर सखल, पावसाळ्यात पाण्याखाली जाणारी. गोदामाला कोरडी, टणक आणि रस्त्याच्या पातळीवरची जमीन लागते. म्हणजे भराव. म्हणजे मुरूम. म्हणजे जवळची टेकडी.

शनिवारी वेळ होता म्हणून हिशेब मांडला. एक एकर म्हणजे ४३,५६० चौरस फूट. समजा सहा फूट भराव : २,६१,३६० घनफूट. आपल्याकडे मुरूम ब्रासने मोजतात, एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. झाले २,६१३ ब्रास. एका डंपरमध्ये चार ब्रास धरले तर साडेसहाशे खेपा. एका एकराला! आणि दाबल्यावर मुरूम बसतो, त्यामुळे प्रत्यक्षात जास्तच. आता गोदामाखाली असलेले एकर मनातल्या मनात गुणा आणि तेवढी टेकडी कुठून वजा झाली ते शोधा.

इथे कायदा येतो. कायद्याच्या भाषेत मुरूम हा 'गौण खनिज'. १९५७ च्या खाण व खनिज कायद्याने गौण खनिजांचे नियम करायचे अधिकार राज्यांना दिले. महाराष्ट्राचे सध्याचे नियम २०१३ चे आहेत. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ प्रमाणे जमीन तुमची असली तरी खालचं खनिज सरकारचं, आणि परवानगीवाचून काढलं तर बाजारभावाच्या पाच पटींपर्यंत दंड. ब्रासवर स्वामित्वधन, म्हणजे रॉयल्टी. प्रत्येक खेपेला पास. पास एक आणि खेपा चार झाल्या की आपण म्हणतो ना, कुठंतरी पाणी मुरतंय. या धंद्यात ते अक्षरशः मुरमातच मुरतं.

सगळ्यात मजेदार प्रकार साध्या मातीचा. फेब्रुवारी २००० मध्ये केंद्राने अधिसूचना काढली की बांध, रस्ते, रेल्वे, इमारतींच्या कामात भराव किंवा सपाटीकरणासाठी वापरलेली साधी मातीसुद्धा गौण खनिज. म्हणजे तीच माती शेतात असेल तर माती, भरावात पडली की खनिज. यावरून पुण्याच्या बांधकाम व्यावसायिकांचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला : पायासाठी खड्डा खणला, त्यातली माती त्याच जागेत परत भरली, तर रॉयल्टी द्यायची का? डिसेंबर २०१४ मध्ये न्यायालयाने सांगितलं की नुसतं खणलं एवढ्यावर वसुली होत नाही, ती माती कशासाठी वापरली हे तपासावं लागेल. आणि वसुलीचे आदेश रद्द केले. बघा, कोर्टानेही शेवटी रस्तेवाल्याचीच व्याख्या धरली. वस्तू काय आहे हे ती कशासाठी वापरली यावर ठरतं.

मला हा निकाल तर्काला धरून वाटतो. 'गौण' या शब्दाबद्दल मात्र माझी तक्रार आहे. सोनं, लोखंड, कोळशाच्या तुलनेत गौण, इथपर्यंत ठीक. पण स्वामित्वधन मोजतं ते टेकडीतून काय निघालं ते. खाली काय बुजलं ते कोणत्याच रकान्यात येत नाही. तोच सहा फुटांचा एकर घ्या : तेवढ्या जागेत ७४ लाख लिटर पाणी उभं राहू शकलं असतं. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला; एका एकरावर तो ३८ लाख लिटर होतो. म्हणजे भराव झालेल्या एका एकराने तसल्या दोन एकरांवरच्या पावसाला ठेवायची जागा काढून घेतली. ते पाणी जातं कुठे? जिथे अजून मुरूम पडलेला नाही तिथे. उरलेल्या भातात, जुन्या गावठाणात. कांदळवनावर भराव टाकायला मुंबई उच्च न्यायालयाने २००५ साली आधी अंतरिम आदेशाने आणि मग सप्टेंबर २०१८ च्या निकालाने बंदी केली. ती कांदळवनापुरती. शेजारच्या भातखाचराला असा कोणी वाली नाही.

आणि भातखाचर परत होत नाही, हा मुद्दा शहरात राहणाऱ्यांच्या लक्षात येत नाही. भाताला पाणी धरून ठेवणारा तळ लागतो. तो पिढ्यान्‌पिढ्या चिखलणी करून, बांध घालून तयार झालेला असतो. त्यावर सहा फूट मुरूम दाबला की वरून पाणी वाहून जातं आणि खालचा तळ कायमचा गाडला जातो. उद्या गोदाम मोडलं, डंपर लावून मुरूम उचलला, तरी रोलरखालून निघालेल्या त्या जमिनीत आवण लावून दाखवा.

याच पट्ट्यातल्या एका आगरी शेतकरी काकांशी मध्यंतरी बराच वेळ बोलणं झालं. त्यांच्या शेताच्या दोन्ही अंगांना भराव झालाय, मधलं त्यांचं शेत आता बशीसारखं. विकणार का, असं मी विचारलं नव्हतं, तेच सांगत होते. शेजारच्यांची जमीन विकली गेली, बिनशेती झाली, करार झाला, यातलं काहीही ते म्हणाले नाहीत. एकेका शेताकडे हात करून म्हणत होते, "तिथं दोन हजार नऊला मुरूम पडला. तिथं चौदाला पडला. ह्या भावाच्या शेतात औंदा पडल." आणि मग, मी न विचारताच, "आमच्यात नाय पडला अजून."