वाट माहीत असलेला माणूस

लढाई म्हटलं की आपल्याला तलवार आठवते. पण कधीकधी अख्खी फौज वाचते ती वाट माहीत असलेल्या एका माणसामुळे. आज बहिर्जी नाईकांची गोष्ट ऐकू या. ती आपल्या वैजापूरच्या दोन्ही अंगांना घडली, उगवतीला जालना आणि मावळतीला संगमनेर.

नोव्हेंबर १६७९. जालना ही मोगलांची श्रीमंत पेठ. शिवाजी महाराजांनी ती लुटली. औरंगाबादचं मोगली ठाणं तिथून जवळच. लुटीच्या ओझ्याने परतणारी फौज मंदावली आणि संगमनेरजवळ रणमस्तखानाने तिला गाठलं. मोठी झुंज झाली. सिधोजी निंबाळकर कामी आले. मोगलांची आणखी कुमक येत होती.

तेव्हा बहिर्जी जासूद पुढे झाले. त्यांनी आडवाटेने फौज बाहेर काढली. तीन दिवस, तीन रात्री चालून सगळे अकोल्याकडच्या पट्टा किल्ल्यावर पोचले. महाराज तिथे विसावले, म्हणून तो विश्रामगड. कृष्णाजी अनंत सभासदांनी जिंजीला लिहिलेल्या बखरीत बहिर्जींच्या या वाटेची आठवण आहे.

आता विचार करा, अशी वाट आयत्या वेळी सापडते का? ती आधी तुडवलेली असावी लागते. नदीला उतार कुठे, कोणती बारव उन्हाळ्यात आटते, वैरण कुठे मिळेल, हे ठाऊक असावं लागतं. सभासद सांगतात, पागेत पंचवीस घोड्यांमागे एक पखालजी आणि एक नालबंद असे. एकट्या फिरणाऱ्या जासुदाला कुठला पखालजी? पाणी त्याचं त्यानेच हेरायचं.

आणि घरी? पावसाळा छावणीत, उरलेले आठ महिने मुलूखगिरी, असा फौजेचा शिरस्ता होता. लष्करात बाई नेण्याला सक्त मनाई. म्हणजे सुगी, गुरं, लेकरं, म्हातारी माणसं, सगळं मागे राहिलेल्या बाईच्या अंगावर. तिचं नाव बखरीत नाही, पण तिच्या जिवावर तो घोडेस्वार निर्धास्त निघे.

मैत्रिणींनो, चैत्रात कोणत्या विहिरीला पाणी टिकतं, पुरात कोणता ओढा ओलांडू नये, हे आपल्या गावात आजही म्हाताऱ्या बायांनाच नेमकं ठाऊक असतं. गटाच्या पुढच्या बैठकीत त्यांना विचारा आणि वहीत उतरवून घ्या. दुष्काळात नाहीतर पुरात तीच वही आपल्याला वाट दाखवेल.