सरळ रेषांचा मंडप

ब्रुसेल्स येथे 1958 साली भरलेल्या जागतिक प्रदर्शनात फिलिप्स या डच कंपनीने जो काँक्रीटचा मंडप उभारविला, त्याच्या घडणीचे मूळ शोधू जाता आपण एखाद्या पूर्वकालीन वास्तूपाशी न पोहोचता, 1954 साली पुऱ्या झालेल्या 'मेटास्टासिस' या वाद्यवृंद-रचनेपाशी येऊन थांबतो. रचनाकार यानिस झेनाकिस हे वंशाने ग्रीक, शिक्षणाने अभियंता. अथेन्सच्या रस्त्यांवरील लढाईत तोफगोळ्याने एक डोळा गमावून ते 1947 मध्ये परागंदा होऊन पॅरिसला आले, आणि ज्यांचे नाव आपल्याकडे चंडीगढमुळे सर्वतोमुखी झाले त्या वास्तुविशारद ल कार्ब्युझिए यांच्या कचेरीत आकडेमोड करून उदरनिर्वाह करू लागले. संगीताच्या शिक्षणासाठी ते ओलिव्हिए मेसियां यांच्याकडे गेले, तेव्हा त्या थोर गुरूने त्यांना प्राथमिक पाठ गिरवावयास न लावता, अंगी असलेले गणित आणि स्थापत्य हेच संगीतात उतरविण्याचा सल्ला दिला. शिष्याची पात्रता इतक्या अचूकपणे ओळखणारा गुरू विरळाच.

'मेटास्टासिस'मध्ये 61 वादकांपैकी प्रत्येकाचा भाग स्वतंत्र आहे. तंतुवाद्ये एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड मींडेने सरकतात. ती प्रत्येक मींड झेनाकिसांनी आलेखपत्रावर, काळ आडवा व स्वराची उंची उभी धरून, सरळ रेषेने रेखाटली, आणि अशा असंख्य रेषा दाटीने एकत्र येताच त्यांतून वक्र पृष्ठ आकारास आले. मंडपाची वळणदार कवचे याच तत्त्वावर उभी होती. आपल्या रागमाला-चित्रांत राग आणि चित्र यांची भेट रसाच्या द्वारे होते. झेनाकिसांनी ती संख्या आणि रचना यांच्या द्वारे घडविली, आणि माझ्या मते कलांच्या आप्तसंबंधाचा याहून सबळ दाखला विसाव्या शतकात दुसरा नाही.

मंडपाचे काम कार्ब्युझिए यांच्या कचेरीकडे होते आणि आराखडा झेनाकिसांनी केला; त्याच्या श्रेयासाठी मात्र त्यांना आपल्या धन्याशी झगडावे लागले. आपले नाव सहकर्ता म्हणून नोंदवून घेतल्यावाचून ते राहिले नाहीत, आणि ते उचितच झाले. आत शेकडो ध्वनिक्षेपकांतून एडगार व्हारेझ यांची सुमारे आठ मिनिटांची विद्युत्-रचना भिंतींवरून फिरत असे. दोन खेळांच्या मधल्या वेळात जळत्या कोळशाच्या तडतडीतून झेनाकिसांनी घडविलेली लघुरचना ऐकू येई. 1959 च्या आरंभी मंडप पाडण्यात आला. त्याच वर्षी झेनाकिसांनी कार्ब्युझिए यांची कचेरी सोडली.