‘आधी भरा, मग बोला’ला कायद्याचा आधार नाही

वीजबिल चुकीचे वाटले तरी आधी पूर्ण भरावे, तक्रार मागाहून करावी. न भरल्यास लाइन कापण्याचा कंपनीला अधिकारच आहे, असे भंडारा जिल्ह्यात तुमसरपासून लाखांदूरपर्यंत ऐकू येते. शिकलेली माणसेही हेच सांगतात. त्यांचा युक्तिवाद पोकळ नाही. ज्याने त्याने वाद काढून पैसे अडवले, तर वसुली थांबेल आणि थकबाकीचा भार वेळेवर बिल भरणाऱ्यांवर पडेल.

या आक्षेपाचे उत्तर कायद्यातच आहे. विद्युत कायदा, 2003 चे कलम 56 थकबाकीसाठी वीज तोडण्याचा अधिकार देते आणि तिथेच त्याला बांधही घालते. तोडणीपूर्वी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस हवी. 1910 च्या कायद्यात ही मुदत 7 दिवसांची होती. लाइनमनने दारात येऊन दिलेल्या तंबीने ही अट पूर्ण होत नाही. दुसरी तरतूद अधिक मोलाची. मागितलेली रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने होणारी रक्कम, यांतली जी कमी असेल ती ग्राहकाने हरकत राखून भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही.

समजा, साकोलीतल्या एका घराचे बिल सरासरी 600 रुपये येते आणि रीडिंग चुकल्याने एकदम 14,000 चे बिल हाती पडले. घरमालकाने हरकतीचा अर्ज देऊन प्रतीवर आवक शिक्का घ्यावा आणि सरासरीचे 600 भरावेत. कंपनीची नियमित वसुली चालू राहते, घरातली वीजही. वसुली बुडण्याची भीती इथेच निकालात निघते.

जुन्या येण्याबाबत सर्वोच्च न्यायालयाने रहमतुल्ला खान प्रकरणात 2020 मध्ये आणखी स्पष्ट भूमिका घेतली. आकारणीतली चूक उशिरा सापडली, तर दोन वर्षांनंतरही पुरवणी बिल देता येईल. पण त्या रकमेसाठी वीज तोडता येणार नाही. वसुलीचा हक्क आणि तोडणीचा हक्क वेगळे आहेत, हे तत्त्व त्यातून पक्के झाले.

कोर्टकचेरी गरिबाला झेपत नाही, असेही म्हटले जाते. पण कलम 42 ने ग्राहक तक्रार निवारण मंच दिला आहे आणि त्याच्या निर्णयाविरुद्ध विद्युत लोकपालांकडे जाता येते. विदर्भासाठी त्यांचे कार्यालय नागपुरात आहे. घरगुती ग्राहकाला भंडाऱ्यातल्या जिल्हा ग्राहक आयोगाचा दरवाजाही उघडा आहे. मर्यादा एक: अनिस अहमद प्रकरणातल्या 2013 च्या निकालानुसार अनधिकृत वापराची आकारणी आणि वीजचोरी हे विषय ग्राहक आयोगापुढे चालत नाहीत.

जादा भरलेले पैसे पुढे परत मिळतीलही. पण तेवढे पैसेच नाहीत म्हणून ज्याची लाइन कापली गेली, त्याच्या मुलांचे अंधारात गेलेले परीक्षेचे दिवस कोण भरून देणार? बिल हा कंपनीचा दावा आहे. निवाडा होण्याआधी त्याची शिक्षा ग्राहकाने भोगू नये, यासाठीच संसदेने ही तरतूद केली. हरकत घेऊन सरासरी भरणारा माणूस थकबाकीदार ठरत नाही. तो कायदाच पाळत असतो.