पडद्यावरचे पु. ल. आणि त्यांच्या चाली

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे (१९१९-२०००) यांचे नाव घेताच 'व्यक्ती आणि वल्ली' आणि 'बटाट्याची चाळ' आठवते. मात्र लेखक म्हणून घराघरांत पोहोचण्यापूर्वी ते मराठी चित्रपटांतील नट होते, आणि त्याच काळात संगीतकारही. १९४७ ते १९५३ अशी जेमतेम सात वर्षांची ही कारकीर्द त्यांच्या साहित्यिक कीर्तीमागे काहीशी झाकली गेली.

१९४७ च्या 'कुबेर'पासून ते पडद्यावर दिसू लागले. पुढच्याच वर्षी 'भाग्यरेखा' आला, तसेच राम गबाले यांचा 'वंदे मातरम्'. त्यात सुनीताबाईंसह त्यांनी भूमिका केली. १९५० साली राजा परांजपे यांच्या 'पुढचं पाऊल'मध्येही ते होते.

संगीत हे त्यांचे नंतर जडलेले व्यसन नव्हे. पेटीचे धडे त्यांनी लहानपणीच दत्तोपंत राजोपाध्ये यांच्याकडे घेतले होते. १९५० च्या 'देव पावला'साठी ग. दि. माडगूळकरांच्या गीतांना त्यांनी चाली दिल्या. माणिक वर्मा यांनी गायलेले कबीरावरचे गीत याच चित्रपटातले. १९५३ च्या 'देवबाप्पा'ने तर मराठी बालगीतांना 'नाच रे मोरा' दिले. शब्द माडगूळकरांचे, स्वर आशा भोसले यांचा. ही चाल बालवाडीतल्या मुलाला सहज उचलता येते, आणि तिचा संगीतकार कोण हे विचारले तर मोठी माणसेही बऱ्याचदा अडखळतात!

त्याच वर्षीचा 'गुळाचा गणपती' हा या कारकिर्दीचा कळस मानावा लागेल. कथा, पटकथा, संवाद, दिग्दर्शन, संगीत आणि नायकाची भूमिका, सारे त्यांचेच. 'सबकुछ पु. ल.' हा शब्दप्रयोग या चित्रपटाला चिकटला तो त्यामुळे. गीते मात्र माडगूळकरांची, हे विसरून चालणार नाही. भोळ्या नायकाच्या या विनोदी कथेत वसंतराव देशपांडे आणि भीमसेन जोशी यांच्यासारखे शास्त्रीय गायक त्यांनी गायला बसवले. भीमसेनांचे 'इंद्रायणी काठी' येथलेच. ते आज अभंगवाणीच्या मैफलींतून इतके रुळले आहे की ते चित्रपटगीत आहे हेच अनेकांना ठाऊक नसते. नटाचा चेहरा विस्मरणात गेला, पण चाल राहिली.

यानंतर पुलंनी पडद्याकडे पाठ फिरवली. आकाशवाणी, रंगभूमी आणि एकपात्री प्रयोगांनी त्यांना व्यापून टाकले. चाली देणे तेवढे थांबले नाही: मंगेश पाडगावकरांचे 'माझे जीवन गाणे' त्यांनी स्वरबद्ध केले आणि जितेंद्र अभिषेकी यांनी ते गायले.

चित्रपटाशी त्यांचे नाव पुन्हा ठळकपणे जोडले गेले ते १९९२ मध्ये, जब्बार पटेल यांच्या 'एक होता विदूषक'साठी. तेही केवळ लेखक म्हणून. विदूषकाची भूमिका लक्ष्मीकांत बेर्डे यांनी केली आणि संगीत आनंद मोडक यांचे होते.