जांगड, अनुशय आणि दोन तासांची मुदत

पुण्याच्या जुन्या पेठांतून ज्यांचें बालपण गेलें त्यांना ‘जांगड’ हा शब्द समजावून सांगण्याचें कारण नाहीं. घरांत लग्नकार्य निघालें कीं कापडवाल्याकडून दहाबारा लुगड्यांचा गठ्ठा घरीं येई. आजेसासूपासून धाकट्या जावेपर्यंत सर्वांचे हात त्यावरून फिरत, दोन लुगडीं पसंत पडत आणि उरलेलीं दुसऱ्या दिवशीं होतीं त्याच घडीनें दुकानीं परत जात. वहींत नांव मांडलेलें असे. पैका मात्र दिलेला नसे. माल घरांत आहे, परंतु विकला गेलेला नाहीं, अशी ही मधली स्थिति. तिचें नांव जांगड. मोल्सवर्थच्या कोशाच्या सन १८५७ च्या आवृत्तींत हा शब्द आहे, आणि हिऱ्यामाणकांच्या व्यापारांत जांगडाची चिठ्ठी आजहि चालते.

आज मला ज्या मालाविषयीं बोलावयाचें आहे तो गठ्ठ्यांत बांधतां येत नाहीं. डोळ्यांवर एक जाड मुखवटा चढवावयाचा, हातांत दोन मुठी धरावयाच्या, कीं सदाशिव पेठेंतील दहा बाय दहाच्या खोलींतला मनुष्य एकदम हिमालयाच्या कड्यावर उभा राहतो. यास व्हर्च्युअल रिअॅलिटी, म्हणजे आभासी वास्तव, असें म्हणतात. मुखवटा एकदांच विकत घ्यावा लागतो. खेळ मात्र एकेक करून, घरबसल्या, साता समुद्रांपलीकडील दुकानांतून घ्यावयाचे असतात. त्यांना पुडा नाहीं, वजन नाहीं, पावतीहि कागदाची नाहीं.

आमच्या शेजारचे गृहस्थ कापडाचे व्यापारी आहेत. त्यांच्या कॉलेजांत जाणाऱ्या मुलानें असाच एक खेळ चौदाशें रुपयांस घेतला. पहिले दोन तास खेळ उत्तम चालला. तिसऱ्या तासाला एका दालनाच्या दाराशीं चित्र गोठलें, आणि तें पुढें कधीं हललेंच नाहीं. मुलानें पैसे परत मागितले. तासाभरांत उत्तर आलें: आपण दोन तासांहून अधिक खेळलां आहांत, सबब परतफेड नाहीं. वडिलांना मुदतीची गोष्ट नवी नव्हती. नवल वाटलें तें निराळ्याच गोष्टीचें. ते मला म्हणाले, ‘अहो, लुगड्याचा काठ तिसऱ्या दिवशीं उसवला, तर तुम्ही तें दोन दिवस नेसलांत असें मी गिऱ्हाइकाला सांगूं काय?’

हा प्रश्न दिसतो तितका नवा नाहीं. आपल्या धर्मशास्त्रांत व्यवहाराचीं, म्हणजे दाव्यांचीं, अठरा पदें सांगितलीं आहेत. त्यांत क्रयविक्रयानुशय हें एक स्वतंत्र पद आहे. अनुशय म्हणजे घेतल्यावर किंवा विकल्यावर मागाहून झालेला पश्चात्ताप. महामहोपाध्याय पां. वा. काणे यांच्या धर्मशास्त्राच्या इतिहासाचा तिसरा खंड पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरानें सन १९४६ मध्यें प्रसिद्ध केला; व्यवहाराच्या या सर्व पदांचा परामर्श त्यांत एकत्र पाहावयास मिळतो.

कौटिल्यानें पश्चात्तापाची मुदत मनुष्याच्या धंद्यावरून ठरविली आहे. व्यापाऱ्याला एक रात्र, शेतकऱ्याला तीन, गुराख्याला पांच. ज्याचा रोजचा व्यवसायच देवघेवीचा त्याला विचारास एक रात्र पुरे. ज्याला बाजाराची संवय नाहीं त्याला अधिक सवड, असा त्यांतील आशय मला दिसतो. मनूनें दहा दिवस दिले. नारदाची योजना मोठी चतुराईची आहे. वस्तु न बिघडवितां त्याच दिवशीं परत केली तर पूर्ण किंमत मिळावी. दुसऱ्या दिवशीं केली तर किंमतीचा तिसावा हिस्सा सोडावा. तिसऱ्या दिवशीं त्याच्या दुप्पट. त्यापुढें माल घेणाऱ्याच्या गळ्यांत.

याज्ञवल्क्यानें मात्र मनुष्याकडे न पाहतां वस्तूकडे पाहिलें. लोखंडाच्या परीक्षेला एक दिवस, दुभत्या जनावराच्या तीन, ओझ्याच्या जनावराच्या पांच, रत्नांच्या सात, बियाण्याच्या दहा. (दासदासींच्या परीक्षेच्या मुदतीहि त्याच श्लोकांत सांगितल्या आहेत. आपल्या इतिहासाची ही काळी बाजू झांकून ठेवण्यांत अर्थ नाहीं.) या आंकड्यांतील मर्म असें कीं, लोखंड ठोकून पाहिलें म्हणजे लगेच कळतें. म्हैस पहिल्या धारेला फसवूं शकेल, परंतु तीन दिवस फसवूं शकणार नाहीं. बीं रुजतें कीं नाहीं हें समजण्यास मातींत आठदहा दिवस जावेच लागतात. मुदत ही दुकानदाराच्या मर्जीची गोष्ट नव्हे. वस्तूचा गुणदोष प्रगट होण्यास जितका काळ लागतो तितकी ती असावयाची.

कल्याणीच्या चालुक्यांच्या राज्यांत, सहाव्या विक्रमादित्याच्या काळीं, विज्ञानेश्वरानें याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा ही टीका लिहिली. इंग्रजी अमदानींत वारसाहक्काच्या भांडणांमुळें तिचें नांव आपल्याकडे घरोघर झालें. या प्रकरणाकडे मात्र सहसा कोणी वळत नाहीं. मनूचे सरसकट दहा दिवस आणि याज्ञवल्क्याच्या निरनिराळ्या मुदती यांचा मेळ घालतांना विज्ञानेश्वर सांगतो कीं, मनूची मुदत घर, शेत, वाहन, शय्या, आसन अशा, उपभोगानें नाश न पावणाऱ्या वस्तूंना लागू समजावी. शिवाय ह्या सवलती परीक्षेवांचून घेतलेल्या मालाला आहेत. पारखून, परत न करण्याच्या बोलीनें घेतलेल्या मालाला नाहींत.

उपभोगानें नाश न पावणारी वस्तु! आजचा खेळ हजार वेळां खेळला तरी त्याचा एक कणहि झिजत नाहीं. झिजतें तें खेळणाऱ्याचें कुतूहल. आणि विक्रेत्याची खरी अडचण येथेंच आहे. लुगडें नेसलें कीं घडी मोडते व दुकानदाराच्या डोळ्यांना दिसतें. खेळ संपूर्ण खेळून झाल्यावर परत केला तर घडी मोडल्याची खूण कोठेंच उमटत नाहीं. सन २०२१ मध्यें दीड तासांत संपणारा एक खेळ करणाऱ्या लहानशा कारागिरानें, लोक खेळ संपवून पैसे परत घेतात, या कारणास्तव आपला व्यवसाय थांबवीत असल्याचें जाहीर केलें होतें. त्याची हकीकत मला अन्यायाची वाटते, आणि गिऱ्हाइकाची बाजू मांडतांनाहि ती विसरूं नये.

इंग्रजी राज्यांत मालविक्रीचे नियम आरंभीं सन १८७२ च्या करारांच्या कायद्यांत होते; सन १९३० मध्यें त्यांचा स्वतंत्र कायदा झाला. तो आजहि चालू आहे. त्याचें चोविसावें कलम वाचतांना मला गंमत वाटली, कारण तें म्हणजे आपलें जांगडच आहे: पसंतीवर दिलेल्या मालाची मालकी पसंती कळवीपर्यंत, किंवा ठरलेली मुदत उलटेपर्यंत, घेणाऱ्याकडे जात नाहीं. एकेचाळिसाव्या कलमानें माल तपासून पाहण्याचा हक्क दिला. परंतु पश्चात्तापाला त्या कायद्यांत जागा उरली नाहीं. नारदाचा दुसरा दिवस व तिसरा दिवस गेले. शिल्लक राहिला तो दोष, आणि तो शाबीत करण्यासाठीं दिवाणी न्यायालयाची पायरी. चाळीस रुपयांच्या वस्तूसाठीं ती पायरी कोण चढणार? पुणेरी पाट्यांची थट्टा आपण हौसेनें करतों, पण ‘एकदां विकलेला माल परत घेतला जाणार नाहीं’ ही पाटी विनोदाची नव्हती. तिच्यामागें ही पायरी उभी होती.

ती पायरी उतरविण्याची खटपट ज्या गांवीं नेटानें झाली त्यांत पुण्याचें नांव प्रथम घ्यावें लागेल. सन १९७४ मध्यें बिंदुमाधव जोशी यांनीं येथें ग्राहक पंचायतीचा पाया घातला. गोव्याच्या मुक्तिसंग्रामांतील हे कार्यकर्ते. लढा संपल्यावर त्यांनीं गिऱ्हाइकाकडे लक्ष वळविलें. ‘गिऱ्हाईक’ जाऊन ‘ग्राहक’ हा शब्द आपल्या तोंडीं बसला, त्यांत या चळवळीचा वांटा मोठा आहे. पुढें सन १९८६ च्या डिसेंबरांत देशाचा ग्राहक संरक्षण कायदा झाला आणि वकिलावांचून, साध्या अर्जावर दाद मागण्याची सोय झाली.

इकडे ही सोय होत असतांना दुकानाचें स्वरूपच पालटत होतें. अमेरिकेंतील व्हाल्व्ह कंपनीनें सन २००३ मध्यें स्टीम हें खेळांचें दुकान संगणकावर उघडलें. तेथें कित्येक वर्षें सामान्यतः परतफेड नसे. आपल्या पाटीचीच ही इंग्रजी आवृत्ति. सन २०१४ मध्यें ऑस्ट्रेलियाच्या ग्राहक व स्पर्धा आयोगानें कंपनीवर दावा लावला. कंपनीचें म्हणणें असें पडलें कीं, आमच्या करारास अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्याचा कायदा लागू, आणि आम्ही माल विकतच नाहीं, केवळ वापरण्याची परवानगी देतों. सन २०१६ मध्यें न्यायालयानें हीं दोन्ही म्हणणीं अमान्य केलीं. संगणकाचा कार्यक्रम हा त्या देशाच्या कायद्याप्रमाणें मालच आहे. तो सदोष निघाला तर परतफेडीचा हक्क ग्राहकाला कायद्यानेंच मिळतो, दुकानाच्या अटींनीं तो जात नाहीं. आणि परतफेड कधींच नाहीं असें ग्राहकांस भासविणें ही दिशाभूल आहे. तीस लक्ष ऑस्ट्रेलियन डॉलरांचा दंड झाला. अपील सन २०१७ मध्यें फेटाळलें गेलें, आणि वरिष्ठ न्यायालयानें सन २०१८ मध्यें पुढील अपिलाची परवानगी नाकारली.

हा दावा चालू असतांनाच, सन २०१५ च्या जूनमध्यें, स्टीमनें आपण होऊन नवा नियम केला: खरेदीपासून चौदा दिवसांच्या आंत आणि दोन तासांहून कमी खेळ झाला असल्यास, कोणत्याहि कारणासाठीं पैसे परत. मुखवट्याच्या खेळांना हाच नियम सन २०१८ मध्यें ऑक्युलसनें लावला, आणि आज मेटाच्या क्वेस्ट दुकानांत तोच चालतो. म्हणजे दोन सहस्रकांच्या प्रवासानंतर अनुशय परत आला. फरक एवढाच कीं राजानें दिलेली मुदत आतां दुकानदार देतो, आणि घड्याळहि त्याच्याच हातीं असतें.

पश्चात्तापापुरते दोन तास मला कमी वाटत नाहींत. मुखवटा घातल्यावर डोळ्यांना गति दिसते, परंतु कानाच्या आंतील तोल सांभाळणाऱ्या इंद्रियाला ती जाणवत नाहीं. त्यामुळें कित्येकांस मळमळूं लागतें. कोणाला कोणता खेळ सोसेल हें जाहिरात वाचून कळत नाहीं, अनुभवानेंच कळतें. पण बहुधा तें अर्ध्या घटकेंत कळतें. ही लोखंडाची परीक्षा झाली. चौथ्या दालनांतील दोष ही बियाण्याची परीक्षा आहे. तिला लोखंडाची मुदत लावणें हा घोटाळा. शेजारच्या मुलाला आलेलें उत्तर या घोटाळ्याचाच नमुना होतें. दोन तासांचा नियम नापसंतीसाठीं आहे. सदोष मालाची गोष्ट निराळी, आणि ती दुकानाच्या नियमांनीं संपत नाहीं.

आपल्या कायद्यांतहि आतां हा भेद स्पष्ट आहे. संगणकाचा तयार कार्यक्रम तबकडीवर घालून विकला असतां तो मालच होय, असें आपल्या सर्वोच्च न्यायालयानें सन २००४ मध्यें टाटा कन्सल्टन्सीच्या खटल्यांत ठरविलें. प्रश्न विक्रीकराचा होता. सन २०१९ चा नवा ग्राहक संरक्षण कायदा सन २०२० च्या जुलैपासून अमलांत आला. त्यांतील ई-कॉमर्सच्या व्याख्येंत डिजिटल वस्तूंचा नांवानिशीं उल्लेख आहे. सदोष माल परत घेऊन पावतींत लिहिलेल्या मुदतींत, आणि मुदत लिहिलेली नसल्यास तीस दिवसांत, पैसे न देणें ही त्या कायद्यानें अनुचित व्यापारी प्रथा ठरते. त्याच वर्षींच्या ई-कॉमर्स नियमांप्रमाणें, परदेशीं राहून येथील ग्राहकांस पद्धतशीर विक्री करणाऱ्या दुकानांसहि तक्रार अधिकारी नेमावा लागतो. त्यानें अठ्ठेचाळीस तासांत पोंच द्यावयाची आणि एक महिन्यांत तक्रार निकालांत काढावयाची. तेवढ्यानें न भागलें तर ग्राहकाला आपण राहतों त्या जिल्ह्याच्या आयोगाकडे जातां येतें. पांच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तेथें शुल्क नाहीं. दुकान कॅलिफोर्नियांत असलें तरी दावा पुण्यांत लागूं शकतो. वॉशिंग्टन राज्याचा कायदा पुढें करणाऱ्यांना याची कल्पना असलेली बरी.

शेजारच्या मुलाच्या पहिल्या अर्जांत एक चूक होती. कारणांच्या यादींतून त्यानें घाईनें ‘खेळ आवडला नाहीं’ यावर बोट ठेविलें होतें. म्हणजे दोषाची तक्रार त्यानें अनुशयाच्या खिडकींत नेऊन दिली होती, आणि ती खिडकी दोन तासांनीं मिटते. वडिलांनीं दुसरा अर्ज आपल्या हातानें लिहिला, थेट तक्रार अधिकाऱ्याला. खरेदीची तारीख, खेळ कोणत्या दालनाशीं अडतो तें, गोठलेल्या चित्राची चित्रफीत, आणि माल सदोष आहे हें एक वाक्य. पश्चात्तापाचा त्यांत उच्चारहि नव्हता. पोंच दुसऱ्या दिवशीं आली. एक प्रश्न विचारला गेला, त्याचें उत्तर गेलें. मग आठवडाभर कांहींच नाहीं, आणि सतराव्या दिवशीं चौदाशें रुपये खात्यांत जमा झाले. त्या रात्रीं दुकानाची वही मिटण्यापूर्वीं त्यांनीं मुलाला जवळ बोलावून ती नोंद त्याच्याकडूनच करविली. मीं सहज डोकावून पाहिलें: रक्कम, तारीख, आणि पुढें दोनच शब्द, ‘जांगड, परत’.