मसूरचा वाद पैठणला

आज सातारा जिल्ह्यातल्या कराड तालुक्यात असलेल्या मसूरच्या पाटीलकीवर विजापूरच्या दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात (१५८०–१६२७) दोघांनी हक्क सांगितला. एक नरसोजी जगदाळे, दुसरा बापाजी मुसलमान. स्थानिक सभेने जगदाळ्यांच्या बाजूने कौल दिला. त्यावर बापाजीने बादशहाकडे फिर्याद केली की निवाडा पक्षपाताने झाला, तेव्हा वाद पैठणच्या सभेपुढे चालवावा. बादशहाने ते मान्य केले. पैठणकरांनी कागद आणि पुरावे पुन्हा पाहिले आणि कौल पुन्हा जगदाळ्यांनाच दिला.

एवढीच हकिकत वि. का. राजवाड्यांसारख्या संशोधकांनी छापलेल्या वतनी कागदांमुळे आपल्यापर्यंत पोचली आहे. ती नीट समजायची तर असे कागद कसे तयार होत, ते आधी पाहिले पाहिजे.

वतनाच्या निवाड्याचा मुख्य दस्त म्हणजे महजर. त्याच्या आरंभी सभेला हजर असलेल्यांची नावे असत: अंमलदार, देशमुख, देशपांडे, शेटे-महाजन, भोवतालच्या गावांचे पाटील-कुलकर्णी आणि बलुतेदारही. मग अग्रवादी (फिर्यादी) आणि पश्चिमवादी (प्रतिवादी) यांच्या तकरिरी म्हणजे कैफियती, साक्षी, जुनी पत्रे आणि शेवटी निर्णय. पाटील सहीच्या जागी नांगराची निशाणी करी. सुनावणीआधी दोन्ही पक्ष राजीनामा लिहून देत, म्हणजे या सभेचा निर्णय आम्हांस कबूल. हरणाऱ्याला येजितखत, म्हणजे हार मान्य असल्याचा लेख, लिहून द्यावे लागे. जिंकणारा हे कागद पिढ्यान्‌पिढ्या सांभाळी, कारण वतनाचा तोच आधार असे.

बापाजीची भीती कशाची होती, हे या नावांच्या यादीवरून उमगते. न्याय देणारी माणसे त्याच पंचक्रोशीतली. त्यांची सोयरीक, देणेघेणे, शिवेचे तंटे आणि मानपान सगळे तिथलेच. पाटीलकी म्हणजे इनाम जमीन, हक्कलाजिमे (ठरलेले हक्क आणि मिळकती) आणि सणासमारंभातला पहिला मान. त्यामुळे ती कोणाकडे जाते, याच्याशी सभेतल्या अनेकांचा संबंध पोचत असे. ज्यांना वादाची सगळी माहिती आहे तेच त्यात गुंतलेले, ही अशा स्थानिक सभेची, म्हणजे गोतसभेची, ताकद होती आणि तिचे दुखणेही तेच होते.

म्हणून बापाजीने मागितलेले ठिकाण महत्त्वाचे ठरते. मसूर कृष्णेच्या खोऱ्यात, पैठण गोदाकाठी. दोहोंमध्ये सरळ रेषेतही अडीचशे किलोमीटरांहून जास्त अंतर आहे आणि पैठण आदिलशाही मुलखाबाहेरचे. शिवाय ते हिंदूंचे मोठे क्षेत्र, शास्त्री-पंडितांचे गाव. एक मुसलमान वादी मुसलमान बादशहाकडे आपला वाद तिथे पाठवण्याची मागणी करतो, यावरून माझा निष्कर्ष असा की त्याला आपल्या धर्माचा न्यायाधीश नको होता. मसूरच्या गोतावळ्यात न गुंतलेला न्यायाधीश त्याला हवा होता.

इब्राहिम आदिलशहाचे वागणेही तितकेच लक्षात घेण्याजोगे आहे. सत्ता हाती असताना त्याने निवाडा स्वतः फिरवला नाही. फिर्याद फेटाळलीही नाही. पाटीलकी कोणाची आणि न्याय कोणी करावा, हे दोन प्रश्न त्याने वेगळे ठेवले. पहिल्याला हात न लावता दुसऱ्याचे उत्तर दिले.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम २४ याच दोन प्रश्नांमध्ये रेषा आखते. एका न्यायालयातला दावा दुसऱ्याकडे वर्ग करण्याचा अधिकार त्यात उच्च न्यायालयाला आणि जिल्हा न्यायालयाला आहे. सातारा जिल्ह्यातला दावा आज पैठणला न्यायचा तर उच्च न्यायालयाकडेच अर्ज करावा लागेल. नुसता संशय तिथे पुरत नाही. न्याय मिळणार नाही या भीतीला वाजवी आधार लागतो. दावा वर्ग झाल्यावर नवे न्यायालय तो पहिल्यापासून चालवू शकते किंवा थांबला तिथून पुढे नेऊ शकते. वर्ग करण्याच्या हुकमाने दाव्यातले खरेखोटे ठरत नाही.

बापाजी पैठणलाही हरला, म्हणून त्याची मागणी व्यर्थ होती असे मी मानत नाही. पहिल्या निकालाला पक्षपाताचा डाग होता, निदान हरणाऱ्याच्या मनात तरी. दुसरा निकाल त्याने स्वतः मागितलेल्या ठिकाणी लागला. नरसोजीच्या हक्कालाही त्यामुळे अशी बळकटी आली, जी मसूरच्या सभेला कधी देता आली नसती. दावा हलवण्याचा अर्ज आला की तो न्यायाधीशाचा अपमान किंवा वेळकाढूपणा समजण्याची घाई होते. काही अर्ज तसे असतातही. पण आधार तपासून पाहिलेली भीती दूर केली, तर निकाल जिंकणाऱ्याच्याही कामाचा होतो. न्यायसंस्थेने अशा अर्जांकडे याच नजरेने पाहावे, असे मसूरचे हे कागद वाचून मला ठामपणे वाटते.