माहितीपटात दिसणारं जुनं फूटेज येतं कुठून?

माहितीपटात जुना मोर्चा किंवा सभा काही सेकंदच दिसते. ती दृश्यं शोधण्याचं काम आर्काइव्ह रिसर्चर करतात.

भारतात हा शोध बहुतेकदा फिल्म्स डिव्हिजन (स्थापना १९४८), पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय (१९६४) आणि दूरदर्शनच्या संग्रहांपासून सुरू होतो. यातील पहिल्या दोन संस्था २०२२ मध्ये एनएफडीसीत विलीन झाल्या.

फूटेज सापडलं की खरं काम सुरू होतं. दृश्य नेमकं कुठलं, कधीचं? चुकीच्या वर्षाची क्लिप वापरली, तर प्रेक्षक तोच इतिहास खरा धरतो. म्हणून पाट्या, वाहनं, त्या काळची वर्तमानपत्रं ताडून पाहतात.

मग हक्क. भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. त्यातील संगीताचे हक्क वेगळे असू शकतात. क्लिप यूट्यूबवर आहे म्हणजे ती वापरायची परवानगी मिळाली, असं नाही.

काही गोष्टी मात्र कितीही शोधल्या तरी हाती लागत नाहीत. पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. २००३ मध्ये पुण्यातल्या आगीत संग्रहालयाच्या अनेक नायट्रेट फिल्म जळाल्या. जे जपलं गेलं, तेच पडद्यावर परत येतं.